लहान माशाचे गाऱ्हाणे

वैनगंगेला मिळावयास निघालेल्या गाढवी नदीला अर्जुनी मोरगाव तालुक्यात, गोठणगावानजीक अडवून जो जलाशय १९७० साली सिद्ध झाला, त्याला इटियाडोह म्हणतात. आणि ज्या मुलखातील माणसाचे अर्धे आयुष्य धानाच्या बांधीत व उरलेले तळ्याच्या पाळीवर जाते, त्या मुलखात एवढ्या विस्तीर्ण पाण्यापाशी क्षणभर थांबले, तरी राजनीतीचा एक अतिप्राचीन प्रश्न मनापुढे उभा राहिल्यावाचून राहत नाही. येथील मासेमार ढिवरांना तो प्रश्न पोथीतून शिकावा लागलेला नाही. वैशाखात भोवतालच्या बोड्या आणि गावतळी आटू लागतात, काठची लव्हाळी व पाणवनस्पती कोरड्या पडतात, लहान माशांचे लपावयाचे आसरे उघडे होतात, आणि मग उरल्यासुरल्या पाण्यात मरळ आणि शिवडा यांच्यासारख्या शिकारी माशांना भक्ष्यासाठी फारसे हिंडावे लागत नाही. पावसाळ्यात हेच मासे असतात, हाच त्यांचा स्वभाव असतो. परंतु पाणी पसरलेले असते, गवत बुडालेले असते, बांध्यांतून आणि ओढ्यांतून पळावयास वाट असते, आणि म्हणून लहान मासाही आषाढापासून आश्विनापर्यंत आपले चार दिवस काढू शकतो.

सबळाने दुर्बळाला गिळावे या क्रमाला आपल्या राजनीतिकारांनी मत्स्यन्याय असे नाव दिले. दंड धारण करणारा कोणी नसेल तर बलवान अबलाला ग्रासून टाकतो, असे कौटिल्याने अर्थशास्त्राच्या पहिल्याच अधिकरणात सांगितले आहे. मनुस्मृतीच्या सातव्या अध्यायात हीच कल्पना अधिक भीषण करून, राजाने दंड चालविला नाही तर प्रबळ लोक दुर्बळांना शुळावरच्या माशांप्रमाणे भाजून काढतील, असे म्हटले आहे. आणि रामायणाच्या अयोध्याकांडात दशरथाच्या निधनानंतर राज्यास धनी न उरल्यामुळे धास्तावलेले ब्राह्मण वसिष्ठांपुढे अराजक देशाचे जे चित्र उभे करतात, त्यातही माणसे माशांप्रमाणे एकमेकांस खातात. ही उपमा ग्रंथांतच राहिली असेही नाही. आठव्या शतकात बंगालमध्ये पाल घराण्याचा पहिला राजा गोपाल याला मत्स्यन्याय संपविण्यासाठी प्रकृतींनी, म्हणजे प्रजाजनांनी व राज्याच्या अंगभूत पुरुषांनी, राजपदावर बसविले, असे त्याचा पुत्र धर्मपाल याच्या खालिमपूर येथील ताम्रपटात कोरलेले आहे.

या वचनांचा जो अर्थ सामान्यतः सांगितला जातो, तो सत्ताधाऱ्यांना फार सोयीचा आहे. मनुष्य स्वभावतः मासा आहे, त्याला काठीचे भय हवे, काठी राजाच्या हाती असावी आणि प्रजेने त्याबद्दल कर देऊन स्वस्थ बसावे, एवढाच बोध काढून पुष्कळ विद्वानांनी ही चर्चा संपविली आहे. आणि गेल्या शतकात पाश्चात्त्य राजनीतीच्या ग्रंथांशी आपल्याकडील ही वाक्ये ताडून पाहताना तर हॉब्ज नावाच्या इंग्रज तत्त्वज्ञाने सतराव्या शतकात जे सांगितले, ते आपल्या पूर्वजांनी आधीच सांगून ठेवले होते, या समाधानापलीकडे जाण्याची गरजही अनेकांना भासलेली नाही. मला हा अर्थ अपुरा वाटतो, इतकेच नव्हे तर मूळ विचाराला उलटे टांगणारा वाटतो. मत्स्यन्यायाची कल्पना प्रथम ज्याच्या तोंडी येते तो राजा नाही, अमात्य नाही, ऋषीही नाही. तो एक लहान मासा आहे.

शतपथ ब्राह्मणातील ती कथा सर्वश्रुत आहे, पण तिच्याकडे प्रलयाची कथा म्हणूनच पाहावयाची आपल्याला सवय झाल्यामुळे तिचा आरंभ आपण घाईने ओलांडतो. प्रातःकाळी हात धुण्यासाठी आणलेल्या पाण्यात मनूच्या ओंजळीत एक इवलासा मासा येतो आणि म्हणतो, माझे पालन कर, मी तुला तारीन. कशापासून तारशील, असे मनू विचारतो, तेव्हा तो पुराची गोष्ट सांगतो. आणि तुझे पालन कसे करावयाचे, असे विचारल्यावर तो जे उत्तर देतो त्यात मला साऱ्या राजधर्माचे बीज दिसते. आम्ही लहान असतो तोवर आमचा मोठा संहार होतो, कारण मासाच माशाला गिळतो, असे त्याचे गाऱ्हाणे आहे. म्हणून मला आधी कुंभात ठेव, त्यात मावेनासा झालो की खड्डा खणून त्यात ठेव, आणि तेथेही मावेनासा झालो की समुद्रात नेऊन सोड. मग मला कोणी मारू शकणार नाही. महाभारताच्या वनपर्वात हीच कथा पुन्हा आली आहे आणि तेथे तर बलवान मासे दुर्बळ माशांना खातात, हीच आपली शाश्वत स्थिती ठरून गेली आहे, असे तो मासा स्पष्ट शब्दांत सांगतो. पुढे अर्थशास्त्रात, मत्स्यन्यायाने गांजलेल्या प्रजेने ज्याला आपला पहिला राजा केले तो हाच वैवस्वत मनू. ग्रंथ वेगळे, काळ वेगळा, हेतूही वेगळे. तथापि परंपरेने राजपदासाठी निवडलेला पुरुष कोणता, तर ज्याने कोणतेही राज्य मिळण्यापूर्वी एका क्षुद्र जीवाची दाद घेतली आणि त्याच्यासाठी प्रथम मडके व मग खड्डा तयार केला, तो. मनूच्या हातात या कथेत दंड नाही. मोठ्या माशांना मारण्यासाठी तो जाळे टाकीत नाही. लहानाला वाढीपुरते सुरक्षित पाणी देतो, एवढीच त्याची करणी आहे.

येथे मरळ माशाची एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. पावसाळ्यात तळ्याच्या उथळ काठाला तांबूस नारिंगी पिलांचा एक दाट थवा पाण्याच्या पृष्ठभागाशी वरखाली होताना दिसतो, आणि त्याच्या अगदी खाली, गढूळ पाण्यात, नर आणि मादी पहारा करीत असतात; जवळ येणाऱ्या बेडकावर, दुसऱ्या माशावर, प्रसंगी गळावरही ते त्वेषाने झडप घालतात. मासे धरणाऱ्यांना हे ठाऊक असते आणि थवा दिसला की मोठी मरळ कोठे आहे हे ते अचूक ओळखतात. इतरांच्या पिलांचा काळ असलेला हा मासा स्वतःच्या पिलांसाठी जीव धोक्यात घालतो. तेव्हा दुर्बळाचे रक्षण ही गोष्ट निसर्गात मुळी नाहीच, असे म्हणता येणार नाही. ती आहे, पण आपल्या थव्यापुरती आहे. आपल्या घरातील, आपल्या गोतातील, आपल्या जातीतील दुर्बळाला जपण्यासाठी शास्त्राची गरज पडत नाही. मनूच्या ओंजळीत आलेले पिलू त्याचे कोणीही नव्हते, आणि राजधर्म म्हणून जे काही आहे, ते मला येथून सुरू झालेले दिसते.

शतपथ ब्राह्मणाच्याच अकराव्या कांडात आणखी एक वाक्य आहे, ज्याकडे राजनीतीच्या अभ्यासकांनी द्यावे तेवढे लक्ष दिले नाही, आणि जे पूर्व विदर्भातील माणसाला तर आपल्या गावात बसूनच कोणी सांगितले असावे असे वाटेल. पाणी या लोकी येते तेव्हा सर्व काही धर्माप्रमाणे चालते, अवर्षण पडले की बलवान दुर्बळाचे हिरावून घेतो, कारण पाणी हाच धर्म होय, असा त्याचा आशय आहे. येथे राजा नाही आणि दंडही नाही. मनुष्यस्वभाव दुष्ट आहे असेही म्हटलेले नाही. माणसे तीच राहतात. विपुलतेत ती शेजारधर्म पाळतात आणि टंचाईत एकमेकांची बांधी फोडतात. ज्याने धानाची रोवणी झाल्यावर पाऊस दडून बसलेला पाहिला आहे आणि धान निसवण्याच्या ऐन वेळी एका पाण्यासाठी सख्ख्या चुलतभावांत उठलेली भांडणे ऐकली आहेत, त्याला या प्राचीन वाक्यावर भाष्य लिहावे लागणार नाही. दंडनीतिकारांनी मत्स्यन्यायाचे कारण राजाच्या अभावात पाहिले, ब्राह्मणग्रंथाने ते पाण्याच्या अभावात पाहिले. आणि माझ्या मते दुसरे निदान पहिल्याहून खोल आहे, कारण ज्याला पाणी पुरविणे व वाटणे साधले नाही, त्याने कितीही दंड उगारला तरी त्याच्या राज्यात मासे एकमेकांस खातच राहणार.

आणि दंड उगारणाऱ्यापासून रक्षण कोणी करावयाचे? हा प्रश्न आपले ग्रंथकार चुकवीत नाहीत, हे त्यांचे मोठेपण. शांतिपर्वात भीष्म सांगतात की, मत्स्यन्यायाने त्रस्त झालेल्या प्रजेने आपसांत करार केले, ते निभले नाहीत, म्हणून ती ब्रह्मदेवाकडे गेली. त्याने मनूला नेमले, तर मनू नको म्हणाला. राज्य करणे हे दुष्कर कर्म आहे आणि त्यात पापाचे भय आहे, असे त्याचे म्हणणे पडले. तेव्हा पशू व सुवर्ण यांचा पन्नासावा आणि धान्याचा दहावा हिस्सा देण्याचे प्रजेने कबूल केले, आणि पाप करील त्यालाच ते लागेल असे आश्वासन दिले. अर्थशास्त्रात वाटा निराळा आहे, धान्याचा सहावा आणि विक्रीच्या मालाचा दहावा. परंतु तेथे ही कथा कोणाच्या तोंडी घातली आहे हे पाहण्यासारखे आहे. कौटिल्याचे गुप्तचर तीर्थांच्या ठिकाणी, सभांत, लोकसमुदायात मुद्दाम वाद उकरून काढतात. एकाने म्हणावयाचे की राजा गुणसंपन्न म्हणतात, पण दंड आणि कर यांनी तो पिडतो, आणि दुसऱ्याने त्याला मनूची ही कथा सांगून गप्प करावयाचे. राज्याच्या उत्पत्तीचे तत्त्वज्ञान येथे प्रजेची समजूत घालण्यासाठी वापरले जात आहे, हे ग्रंथकाराने दडविलेले नाही. राजा म्हणजे वेतन घेऊन राखण करणारा होय, ही जाणीव प्रजेत इतकी जागी होती, की तिला उत्तर देण्यासाठी हेर ठेवावे लागत.

कौटिल्याने माशाचा दृष्टान्त दुसऱ्याही एका ठिकाणी दिला आहे. पाण्यात फिरणारा मासा पाणी केव्हा पितो हे जसे कळत नाही, तसे कामावर नेमलेले अधिकारी द्रव्य केव्हा खातात हे कळत नाही, असे तो म्हणतो. मत्स्यन्याय मोडण्यासाठी ज्याला नेमला, तो स्वतः त्याच पाण्यात उतरला. आता तो कोणत्या जातीचा मासा होणार, याची चिंता या वाक्यात आहे. ही चिंता महाराष्ट्रालाही अपरिचित नाही. चिपळूणच्या छावणीतील जुमलेदार, हवालदार व कारकून यांना शिवाजी महाराजांच्या कारकिर्दीत गेलेल्या पत्रात, दाणागोटा व वैरण उधळून टाकून मग कुणब्यांचे हिसकावू लागाल तर रयतेला तुमच्यापेक्षा मोगल बरे वाटतील, अशा अर्थाची ताकीद आहे. शत्रूपासून राखणारी फौज हाच रयतेचा पहिला शत्रू होऊ शकतो, हे ज्या राज्यकर्त्याने आपल्याच माणसांना लिहून कळविले, त्याला राजधर्म उमगला होता.

वस्तुतः पाण्यातील माशावर हक्क कोणाचा, हा प्रश्नही अर्थशास्त्राने सोडलेला नाही. बांधलेल्या जलाशयातील मासे, तराफे आणि भाजीपाला यांवर राजाचे स्वामित्व, असे ते सांगते, आणि कोळ्यांनी नावेच्या भाड्यापोटी सहावा हिस्सा द्यावा असे ठरवून देते. भंडारा आणि गोंदिया या भागात या प्रश्नाचा इतिहास लांबलचक आहे. गोंड राजांच्या आश्रयाने कोहळी जातीच्या लोकांनी येथे तळी बांधली. नवेगावच्या बांधाशी कोलू पाटील कोहळी यांचे नाव परंपरेने जोडलेले आहे. पुढे इंग्रजी अमदानीतील बंदोबस्तात मालगुजार हे गावचे धनी ठरले, तरी गावकऱ्यांचे जंगल, चराई व पाणी यांवरील निस्तार हक्क आणि वहिवाटी वाजिब-उल-अर्ज या दप्तरात नोंदविल्या जात. १९५० च्या कायद्याने मालगुजारी नष्ट झाली, तळी सरकारजमा झाली, आणि लोकांच्या तोंडी ती माजी मालगुजारी तलाव, म्हणजे मामा तलाव, या नावाने राहिली. मालगुजार गेला हे उत्तमच झाले. त्याच्या अमलात कोणाचे काय गिळले गेले याची आठवण गावागावांत आहे. पण त्याच्या जागी आलेला नवा धनी दूर होता, त्याच्यापाशी गाळ काढणारे हात नव्हते, आणि मासेमारीचा ठेका, मुदत, लिलाव, संस्थेची सभासदयादी या कागदांच्या जाळ्यात मासा धरणाराच कधीकधी अडकू लागला. ज्याच्या पिढ्यान्पिढ्यांच्या निरीक्षणातून राजनीतीला तिची सर्वांत प्रसिद्ध उपमा लाभली, त्या कैवर्ताला मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायाने संकरजातींच्या यादीत खाली बसविले, हेही येथेच सांगितले पाहिजे. दुर्बळांना भाजून खाल्ले जाईल म्हणून व्याकुळ होणारा ग्रंथ स्वतःच कोणाला दुर्बळ करीत होता हे ज्यांनी भोगले, त्यांनी तो २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला जाळला, आणि मत्स्यन्यायाच्या विचाराशी इमान राखावयाचे तर त्या अग्नीची बाजू मला घ्यावीच लागते. महाडचा सत्याग्रहही मुळात एका तळ्याच्या पाण्याचाच होता.

बाबासाहेब आंबेडकरांनी १९५४ साली याच भंडारा मतदारसंघातून लोकसभेची पोटनिवडणूक लढविली आणि ते पराभूत झाले. गोंदिया तेव्हा त्याच जिल्ह्यात होते. त्यांच्या निधनानंतर १९५७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या बुद्ध व त्याच्या धम्माविषयीच्या ग्रंथात जीवनकलहाचा विचार करताना त्यांनी विचारले आहे की, सर्वांत बलिष्ठ तोच टिकावा हे मान्य का करावे. आज जो दुर्बळ आहे, त्याला राखले तर समाजाच्या अंतिम ध्येयांसाठी तोच श्रेष्ठ ठरणार नाही कशावरून? कुंभातल्या माशाची कथा ज्याने मन लावून वाचली आहे त्याला हा प्रश्न ओळखीचा वाटेल, कारण पुढे प्रलयाच्या पाण्यात मनूची नाव ओढून नेली ती त्याच माशाने. बौद्ध परंपरेत तर राजाची उत्पत्ती धानापासूनच सांगितली आहे. दीघनिकायातील अग्गञ्ञ सुत्ताप्रमाणे आरंभी तांदूळ तुसाशिवाय उगवत असे, सकाळी नेला की संध्याकाळी पुन्हा तयार असे. मग कोणा आळशाने दोन वेळांचा एकदम नेला, दुसऱ्याने दोन दिवसांचा, तिसऱ्याने चार दिवसांचा, आणि साठा सुरू झाला तसे दाण्यावर तूस चढले, शेतांना बांध पडले, चोरी झाली, मारहाण झाली. तेव्हा लोकांनी आपल्यातील एकाला धानाचा हिस्सा देऊन महासंमत केला. ज्या जिल्ह्यात धानाच्या चुकाऱ्यासाठी शेतकऱ्याला वाट पाहावी लागते, तेथे साठा आणि सत्ता यांचा हा संबंध समजावून द्यावा लागू नये.

इटियाडोहच्या परिसरातच, गोठणगाव व प्रतापगड यांच्याजवळ, १९७२ पासून नॉरग्येलिंग ही तिबेटी निर्वासितांची वसाहत आहे. राष्ट्राराष्ट्रांतील मत्स्यन्यायाचे याहून जवळचे उदाहरण दाखविता येणार नाही. अर्थशास्त्राचे बारावे अधिकरण दुर्बळ राजासाठीच लिहिलेले आहे. बलवान चालून आला असता वेतासारखे वाकावे, असे भारद्वाजाचे मत. सर्व बळ एकवटून लढावे, असे विशालाक्षाचे. कौटिल्य दोन्ही नाकारतो आणि अधिक बलवानाचा किंवा दुर्गाचा आश्रय करावा असे सांगतो. आश्रय मागणाऱ्याने कोठे जावे हे त्याने सांगितले. आश्रय देणाऱ्याला त्यात काय मिळते याचाही हिशेब तो ठेवतो. धानाच्या या मुलखात आलेल्या तिबेटींपाशी देण्यासारखे काय होते? तरीही त्यांना जमीन मिळाली, आणि हिमप्रदेशातून आलेल्या माणसांनी येथील उन्हात शेती केली. राजनीतीच्या गणितात न बसणारी ही गोष्ट मनूच्या ओंजळीत मात्र बसते.

तथापि त्याच पाण्याची दुसरी बाजू झाकून ठेवता येत नाही. जलाशय होतो तेव्हा कोणाची तरी जमीन बुडते. आणि महाराष्ट्रात प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा कायदा झाला तो १९७६ साली, म्हणजे इटियाडोह भरल्यानंतर सहा वर्षांनी. शांतिपर्वात उतथ्य ऋषी मांधाता राजाला सांगतो की, दुर्बळाची दृष्टी ही मुनीच्या आणि सर्पाच्या दृष्टीइतकीच असह्य असते, आणि बळाची उत्पत्ती दुर्बळांसाठीच आहे. कायदा येण्यापूर्वी बुडालेल्यांचा विचार करताना हे वाक्य वाचले, की ते राजांना घातलेले भय नसून त्यांच्या हिशेबात मांडावयाची राहून गेलेली एक रक्कम आहे असे वाटते.

इटियाडोहचे कालवे अर्जुनी मोरगावातून लाखांदूर, वडसा, आरमोरी असे उतरत जातात. तेव्हा एकच पाणी आज तीन जिल्ह्यांत वाटावयाचे आहे. कालव्याच्या शिरोभागी ज्याची शेती तो येथे आपोआप बलवान, आणि शेपटाला ज्याची शेती तो आपोआप दुर्बळ. यात कोणाच्या दुष्टपणाचा प्रश्न नाही, उताराचा आहे. महाराष्ट्राच्या पाटबंधाऱ्यांत शेजपाळीची जी पद्धत घालून दिलेली आहे, तीत पाणी शेवटच्या शेतापासून सुरू करून वर आणावयाचे असते, आणि जेथे ती पाळली जाते तेथे शेपटाच्या माणसाला वरच्याच्या कृपेवर जगावे लागत नाही. कौटिल्यालाही या उताराची जाण होती. व्यवहाराच्या अधिकरणात, शेत, कुरण आणि बांध यांच्या तंट्यांमध्ये, तो सांगतो की मागाहून बांधलेल्या तळ्यामुळे आधीच्या तळ्याखालील शेतीला बाध येऊ नये. आणि पाळी नसताना जो बांधातून पाणी सोडून घेईल त्याला सहा पण दंड, दुसऱ्यांची पाळी चालू असता जो गाफीलपणाने त्यांचे पाणी अडवील त्यालाही तितकाच.